आधी माग, मग पाऊल

माझी भाची कॉलेजच्या वार्षिकांकासाठी विज्ञानकथा लिहिते आहे. कथा घडते एका वाळवंटात. तिथे टेकाडावर वेळ भराभर सरतो आणि खळग्यात रेंगाळतो; एका कोरड्या विहिरीला फेरी मारली की माणूस कालच्या दिवसात पोचतो; आणि वाळूवर पाऊल पडायच्या आधीच त्याचा ठसा उमटलेला असतो. "मावशी, यातलं काय खपेल?" असं तिने विचारलं तेव्हा आम्ही पुण्यातली वेताळ टेकडी चढत होतो. उत्तर धापा टाकत, तुकड्यातुकड्यांनी दिलं गेलं. इथे जरा सलग लिहिते.

टेकाडाची गोष्ट तर खरीच आहे. आइन्स्टाइनच्या १९१५च्या व्यापक सापेक्षता सिद्धान्तानुसार पृथ्वीच्या जितकं जवळ जावं, तितकं घड्याळ सावकाश चालतं. समोर सिंहगडाचा मनोरा दिसत होता. गडमाथा शहरापेक्षा साधारण साडेसातशे मीटर उंच. हिशेब केला तर तिथलं घड्याळ वर्षाला सुमारे अडीच मायक्रोसेकंद पुढे जातं. गडावर पिठलं-भाकरी करत सत्तर वर्षं काढलेली बाई खाली राहणाऱ्या जुळ्या बहिणीपेक्षा १८० मायक्रोसेकंदांनी थोरली ठरेल. पापणी लवायला याच्या शेकडो पट वेळ लागतो, त्यामुळे मानपानाचा प्रश्न येत नाही. जीपीएसच्या उपग्रहांना मात्र हे चालत नाही. त्यांची घड्याळं, वेगामुळे येणारा मंदपणा वजा जाता, दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. ती दुरुस्ती केली नाही तर दिवसभरात दहाएक किलोमीटरची चूक साचेल आणि कोथरूडचं पार्सल कॅम्पात जाऊन कुणाची तरी बेल वाजवेल.

विहीर मी पटकन उरकली. गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून असं फिरतं विश्व काढून दाखवलं, की त्यात लांबचा फेरा मारून स्वतःच्या भूतकाळात परतता येतं. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही. शिवाय निसर्ग असे फेरे होऊच देत नसावा, असा अंदाज स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये मांडला. सिद्ध झालेला नाही, पण कथेपुरती विहीर खपून जाते.

खरी अडली ती ठशापाशी. भाचीला वाटत होतं, सापेक्षतेत "आधी" आणि "नंतर" डळमळीत असतात, तर हेही बसेल. बसत नाही. कोणती घटना आधी, यावर दोघांचं दुमत होऊ शकतं. पण एका घटनेपासून निघालेला प्रकाशही दुसरीपर्यंत वेळेत पोचणार नसेल, तरच. तिचं वाळवंट ३०० किलोमीटर रुंद. प्रकाश ते सेकंदाच्या हजाराव्या भागात ओलांडतो, म्हणजे दोन टोकांच्या घटनांवरून भांडायचं तर एवढ्याच फटीत. पाऊल आणि ठसा तर एकाच जागी. तिथे भांडायला फटसुद्धा नाही.

वाटेवरच्या फुफाट्यात तिच्या बुटाचा ठसा पडला होता. आम्ही वाकून पाहिलं. टाचेपाशी कड उभी, नक्षीच्या रेघा स्पष्ट, आणि कडेवरून एकेक कण आत घरंगळत होता. पाऊल आपटलं तेव्हा त्याची ऊर्जा कणांच्या घर्षणात, थोड्याशा उबेत आणि आवाजात विखुरली. आता ही चित्रफीत उलटी चालवा. आसपासची ऊब आणि आवाज नेमक्या वेळी गोळा होऊन कणांना ढकलतात, कण पावलाला वर उचलतात. गंमत म्हणजे गतीचा एकही नियम याला मोडता घालत नाही. फक्त इतक्या अब्जावधी कणांनी एकाच वेळी शहाण्यासारखं वागणं इतकं दुर्मिळ, की विश्वाच्या वयातही त्याची वाट बघू नये. विखुरण्याच्या तऱ्हा अगणित, गोळा होण्याच्या मोजक्याच.

लहरींचंही तसंच आहे. विद्युतचुंबकत्वाच्या समीकरणांना बाहेर पसरणाऱ्या लहरी चालतात, तशाच बाहेरून आत येणाऱ्याही. मग रेडिओ केंद्राने सोडलेली लहर नंतरच का पोचते? व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४५ मध्ये सुचवलं की, लहरी दोन्हीकडे जातात, पण विश्वातलं बाकीचं द्रव्य उलट्या भागाची वजाबाकी करून टाकतं. पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी करणारे जयंत नारळीकर यांनी खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईल यांच्याबरोबर हा धागा पुढे नेला. वजाबाकी पुरी होते की नाही, हे विश्वाच्या भविष्यावर ठरतं, असं त्यांचं गणित. त्यांना ते स्थिर-स्थिती विश्वात, म्हणजे प्रसरण पावूनही सरासरीने कायम सारखंच राहणाऱ्या विश्वात, जुळलं; पुढे निरीक्षणं त्या विश्वाच्या बाजूने उभी राहिली नाहीत. तरी घरातल्या रेडिओचं कोडं सोडवायला थेट विश्वाच्या टोकाला जायचं, ही धिटाई मला अजून आवडते.

चहाच्या टपरीवर भाचीने शेवटची शंका काढली. "नायिकेला पुढचा माग दिसला आणि ती तिकडे गेलीच नाही तर?" मी म्हटलं, "अगं, तिची आठवण म्हणजे मेंदूतला ठसाच. काळाचा बाण उलटा केलास तर तोही उलटेल. तिथल्या माणसांना उद्याच आठवेल आणि त्यात काही वावगं वाटणार नाही. बिचकेल तो पुण्याहून गेलेला पाहुणा."

ती बराच वेळ कपातल्या सायीकडे बघत होती. मग म्हणाली, "म्हणजे वारासुद्धा उलटा. तो ठसे पुसणार नाही."

"मग?"

"उमटवेल. सपाट वाळूवर वारा माग कोरत येईल. नायिका त्याच्यावरून चालेल आणि तिची पावलंच तो पुसतील. मागे वळून पाहिलं तर वाळू कोरी."

तिने मोबाइल काढला आणि कथेचं पहिलं वाक्य खोडलं.