वसुली कुणी ठरवायची? सार्वजनिक कामांच्या निधीवरील वादांची पार्श्वभूमी

सिंहस्थाच्या तोंडावर नाशिक आणि त्र्यंबकेश्वर परिसरात रस्ते, पूल आणि घाटांची कामे निघतात, तेव्हा वसुलीचे वाद फार मागे राहत नाहीत. मोजमाप पुस्तकातील नोंद आणि जागेवरचे काम जुळले नाही, किंवा दोषदायित्वाच्या मुदतीतच (काम संपल्यावर त्यातील दोष कंत्राटदाराने स्वतः दुरुस्त करून देण्याच्या काळात) रस्ता उखडला, तर संबंधित खाते कंत्राटदाराच्या देयकातून कपात करते. तेवढ्याने भागत नसेल आणि कायद्यात किंवा करारात तशी तरतूद असेल, तर ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करण्यासाठी प्रकरण महसूल यंत्रणेकडे जाते. या अधिकाराचे मूळ रस्त्यांच्या कंत्राटात नसून तगाईत, म्हणजे शेतीसाठी सरकारने दिलेल्या कर्जात, आहे.

1883 च्या जमीन सुधारणा कर्ज कायद्याने विहिरी, बांधबंदिस्ती यांसाठी दिलेले कर्ज महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करण्याची मुभा सरकारला दिली, आणि महसूल वसुलीसंबंधीच्या दाव्यांपासून दिवाणी न्यायालयांना 1876 च्या मुंबई महसूल अधिकारिता कायद्याने त्याआधीच बऱ्याच अंशी दूर ठेवले होते. तगाईच्या बाबतीत हे खपून गेले, कारण किती रक्कम दिली याचा कागद कचेरीत असे आणि आकड्याविषयी वाद क्वचितच उरे. तीच यंत्रणा 1966 च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत आली : मागणीची नोटीस, जंगम मालमत्तेची जप्ती व विक्री, स्थावर मालमत्तेचा लिलाव, इतकेच नव्हे तर अटकसुद्धा. निफाड किंवा दिंडोरीतल्या एखाद्या छोट्या कंत्राटदाराला तिची झळ लिलावाच्या कितीतरी आधी लागते. सातबाऱ्यावरील ‘इतर हक्क’ या रकान्यात बोजा चढला की त्या जमिनीवर नवे पीककर्ज मिळणे अवघड होते.

नुकसानभरपाईचे मात्र तगाईसारखे नसते. तिचा आकडा आधी सिद्ध व्हावा लागतो. मुख्य न्यायमूर्ती एम. सी. छागला यांच्या काळात, 1954 मध्येच, मुंबई उच्च न्यायालयाने स्पष्ट केले होते की करारभंगामुळे मागितलेली भरपाई न्यायनिर्णय होईपर्यंत ‘देणे’ ठरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्ये रमण आयर्न फाउंड्री प्रकरणात हेच तत्त्व धरून सरकारला इतर देयकांतून परस्पर कपात करण्यास मनाई केली. 1983 च्या कमालुद्दीन अन्सारी प्रकरणात मात्र, करारातील कलमानेच रक्कम रोखून धरण्याचा अधिकार दिला असेल तर न्यायालयाने तो वापरण्यापासून सरकारला अडवू नये, असा निर्णय आला. रक्कम रोखणे आणि ती वसूल करणे यांतला हा फरक पुढच्या बहुतेक वादांचा कणा ठरला. कागदावर तो स्वच्छ दिसतो, पण ज्याचे देयक वर्षानुवर्षे अडकते त्याला तो तितकासा जाणवत नाही.

कंत्राटदारांचा सर्वांत भक्कम आधार 1987 चा आहे. कर्नाटक सरकार विरुद्ध रामेश्वरा राइस मिल्स या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, भंग कबूल नसेल तर तो झाला की नाही हे कराराचा एक पक्ष असलेले सरकार स्वतःच ठरवू शकत नाही. आपल्याच दाव्यात आपणच न्यायाधीश होता येत नाही. 2011 च्या जे. जी. इंजिनिअर्स प्रकरणातही हाच सूर कायम राहिला. मुदतबाह्य झालेले कर्ज महसुली मार्गाने जिवंत करता येत नाही, हे 1999 मध्ये केरळच्या एका प्रकरणात ठरले होते.

नाशिकच्या पक्षकाराला रिट याचिकेसाठी मुंबईतील मुख्य पीठाकडे जावे लागते, तर त्याच महसूल विभागातील जळगाव आणि धुळ्याची प्रकरणे छत्रपती संभाजीनगर खंडपीठापुढे चालतात. दोन्हीकडे सरकारचा बहुधा पहिला आक्षेप पर्यायी उपायाचा असतो, म्हणजे अपील, लवाद किंवा दिवाणी दावा. 1998 च्या व्हर्लपूल निकालाने या आक्षेपाला अपवाद सांगितले असून, नैसर्गिक न्यायाचा भंग हा त्यांतला सर्वाधिक वापरला जाणारा आहे. म्हणून कंत्राटदाराला न बोलावता केलेली फेरमोजणी, किंवा चौकशी अहवालाची प्रत न देता बजावलेली नोटीस, हीच याचिकांमधील नेहमीची हत्यारे आहेत.

2020 मध्ये गुजरातच्या अंबर बिल्डर्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, अन्सारी निकालाकडे बोट दाखवत, रमण फाउंड्रीवर विसंबून दिलेला आपलाच 2016 चा एक निकाल ग्राह्य मानला नाही. त्यामुळे आता खरा वाद अनेकदा काम सुरू होण्याआधीच, निविदेतील रक्कम रोखण्याच्या कलमाच्या शब्दरचनेत, ठरून गेलेला असतो, आणि निविदा भरताना ते कलम नीट वाचणारे फार थोडे असतात.