व्हॉइस प्रोस्थेसिस

व्हॉइस प्रोस्थेसिस : संपूर्ण स्वरयंत्रोच्छेदनानंतर श्वासनलिका व अन्ननलिका यांच्यामधील भिंतीला पाडलेल्या छिद्रात बसवायची सिलिकोन रबराची एकदिश झडप, रुग्णालयांतील बोलीत नुसता ‘व्हॉल्व्ह’. स्वरयंत्र किंवा त्यालगतच्या अधोग्रसनीचा (घशाच्या खालच्या भागाचा) कर्करोग पुढच्या अवस्थेत असल्यास स्वरयंत्र समूळ काढावे लागते. त्यानंतर श्वासनलिकेचे वरचे टोक मानेच्या पुढच्या बाजूस त्वचेला शिवतात. या श्वासछिद्रातूनच (स्टोमा) रुग्ण पुढे आयुष्यभर श्वास घेतो. जीभ, ओठ, दात, टाळू हे उच्चाराचे सर्व अवयव शाबूत असतात. परंतु फुप्फुसांतील हवेचा तोंडाशी असलेला संबंध तुटतो. तो जोडून देणे एवढेच या झडपेचे काम.

झडप स्वतः आवाज काढत नाही, हे येथे स्पष्ट करणे आवश्यक आहे, कारण लोकप्रिय लेखनात तिचा उल्लेख सर्रास ‘कृत्रिम स्वरयंत्र’ असा होतो. रुग्ण श्वास घेऊन श्वासछिद्र बोटाने झाकतो. उच्छ्वासाची हवा झडप उघडून अन्ननलिकेत शिरते व वर जाताना ग्रसनी-अन्ननलिका संधिस्थानाच्या स्नायूंना व श्लेष्मल पटलाला (आतल्या ओलसर अस्तराला) कंप देते. हा कंप म्हणजेच नवा स्वर. गिळताना झडप मिटलेली राहते, त्यामुळे अन्नपाणी श्वासनलिकेत उतरत नाही. झडपेविना केवळ हवा ‘गिळून’ व ती ढेकरेसारखी परतवून बोलण्याच्या अन्ननलिकीय वाणीतही कंपस्थान हेच असते. फरक हवेच्या साठ्याचा आहे. तेथे एका वेळी साधारण ६० ते ८० मिलि. हवा हाताशी असते, तर झडपेच्या साहाय्याने फुप्फुसांतील लिटरच्या मापातील हवा वापरता येते. त्यामुळे वाक्य मध्येच तुटत नाही.

इतिहास व अग्रक्रमाचा वाद : कर्करोगासाठी पहिले संपूर्ण स्वरयंत्रोच्छेदन टेओडोर बिलरोट यांनी व्हिएन्ना येथे ३१ डिसेंबर १८७३ रोजी केले, असे सामान्यतः मानले जाते. त्यापूर्वी १८६६ मध्ये एडिंबरो येथे पॅट्रिक हेरॉन वॉटसन यांनी सिफिलिसच्या रुग्णाचे स्वरयंत्र काढल्याचा उल्लेख अनेक ग्रंथांत एकमेकांवरून उतरलेला दिसतो. तो उल्लेख जिवंत रुग्णावरील शस्त्रक्रियेचा नसून मरणोत्तर काढलेल्या स्वरयंत्राचा असावा, हे नंतरच्या अभ्यासकांचे मत अधिक ग्राह्य वाटते. बिलरोट यांचा रुग्ण ३६ वर्षांचा, धर्मशिक्षण देणारा शिक्षक होता. त्याच्यासाठी बिलरोट यांचे सहायक कार्ल गुसेनबाउअर यांनी कंप पावणारी धातूची पत्ती असलेले नळीयंत्र तयार केले व त्याचे वर्णन १८७४ मध्ये प्रसिद्ध केले. पत्तीने आवाज काढून तो तोंडात सोडण्याची कल्पना त्याहून जुनी आहे. योहान चेर्माक यांनी १८५९ मध्ये स्वरयंत्र पूर्ण बंद झालेल्या एका तरुणीसाठी अशी योजना केली होती.

व्हॉइस प्रोस्थेसिसचा इतिहास गुसेनबाउअर यांच्यापासून सांगण्याचा प्रघात आहे. तो वंशावळीच्या दृष्टीने फारसा बरोबर नाही. त्यांच्या यंत्रात आवाज पत्ती काढत असे. आजच्या झडपेत तो रुग्णाच्या स्वतःच्या ऊतकांतून निघतो. पत्तीच्या परंपरेचे पुढचे वारस म्हणजे मानेला लावायचे विजेवरचे कंपित्र (इलेक्ट्रोलॅरिंक्स) व हवेवर चालणारी नळीची साधने. झडपेचा वंश दुसरीकडे, म्हणजे श्वासमार्ग व अन्नमार्ग यांमधील छिद्रात शोधावा लागतो.

त्या छिद्राची पहिली ठळक नोंद वैद्यकाबाहेरची आहे. शिकागोचे एम. आर. गटमन यांनी १९३२ च्या सुमारास एका रुग्णाची हकीकत प्रसिद्ध केली : त्याने बर्फ फोडण्याचा टोच्या तापवून स्वतःच्याच श्वासनलिकेतून घशात छिद्र पाडले आणि तो बोलू लागला. पुढे गटमन यांनी हाच मार्ग इतर रुग्णांत शस्त्रक्रियेने तयार केला. छिद्रातून बोलता येते हे यातून सिद्ध झाले. पण त्याच छिद्रातून लाळ व पाणीही फुप्फुसांकडे जाते. यापुढचा सुमारे चाळीस वर्षांचा इतिहास आवाज मिळवण्यापेक्षा ही गळती अडवण्याचा आहे. अमेरिकेत जॉन कॉन्ली यांनी १९५८ मध्ये श्लेष्मल पटलाची नळी वापरली. जपानमध्ये आसाई यांनी त्वचेच्या नळीची अनेक टप्प्यांची शस्त्रक्रिया रूढ केली. तीत गिळताना मानेवर बोट दाबून नळी बंद करावी लागे. इटलीत स्टाफिएरी यांनी, तर जपानमध्येच आमात्सु यांनी आपापल्या पद्धतीचे मार्ग घडवले. आवाज बहुतेकांत चांगला निघाला. गळती व मार्गाचे आकुंचन या दोन कारणांनी बहुतेक पद्धती मागे पडल्या.

या छिद्रात झडप घालण्याचे श्रेय कोणाचे, याविषयी मतभेद आहेत. इंग्रजी पाठ्यपुस्तके ते इंडियानापोलिसचे शल्यविशारद मार्क सिंगर व वाक्‌चिकित्सक एरिक ब्लॉम यांना देतात. त्यांनी १९७९ मध्ये मांडलेली व १९८० मध्ये प्रसिद्ध केलेली पद्धत अंतर्दर्शकाच्या (एंडोस्कोप) साहाय्याने छिद्र पाडून त्यात बदकाच्या चोचीसारखे टोक असलेली झडप बसवण्याची होती. परंतु पोलंडमधील श्चेचिन येथील एर्विन मोझोलेव्हस्की यांनी झडप असलेल्या प्रोस्थेसिसचे वर्णन १९७२ मध्येच पोलिश नियतकालिकात केले होते. कालक्रम पाहता अग्रक्रम मोझोलेव्हस्की यांचा ठरतो. पोलिश भाषेतील निबंध पश्चिमेकडे फारसा वाचला गेला नाही, हे उपेक्षेचे मुख्य कारण असावे. सिंगर-ब्लॉम यांचे कार्य त्यामुळे उणे ठरत नाही : छिद्र लहान, शस्त्रक्रिया थोडक्यात आटोपणारी आणि वर्षांपूर्वी स्वरयंत्र काढलेल्या रुग्णालाही करता येण्याजोगी, ही सोय त्यांच्या पद्धतीने आणली व झडपेचा प्रसार तेथून झाला.

सुरुवातीच्या झडपा रुग्णाने स्वतः काढून धुऊन पुन्हा बसवायच्या असत. विल्यम पॅन्जे यांचे १९८१ मधील ‘व्हॉइस बटन’ याच प्रकारचे. वैद्याने बसवायची व महिनोन्‌महिने आत राहणारी झडप नेदरलँड्समध्ये रुळली : १९८२ मधील ग्रोनिंगेन बटन आणि ॲम्स्टरडॅमच्या कर्करोग संस्थेतील फ्रान्स हिल्गर्स व सहकारी यांनी १९९० मध्ये वर्णिलेली ‘प्रोव्हॉक्स’. प्रोव्हॉक्सची पहिली आवृत्ती बदलताना ती तोंडावाटे ओढून आणावी लागे. १९९७ च्या सुमारास आलेली दुसरी आवृत्ती श्वासछिद्रातूनच बसवता येऊ लागली आणि झडप बदलणे बाह्यरुग्ण विभागातले काम झाले.

रचना व शस्त्रक्रिया : झडपेची नळी दोन्ही टोकांना बाहेर पसरलेल्या कडांनी भिंतीत अडकून राहते. प्रचलित झडपांचा बाह्य व्यास १६ ते २२.५ फ्रेंच (वैद्यकीय नळ्यांच्या व्यासाचे एकक; सुमारे ५.३ ते ७.५ मिमी.) असतो व लांबी भिंतीच्या जाडीप्रमाणे ४ ते १५ मिमी. निवडतात. छिद्र स्वरयंत्र काढतानाच पाडल्यास प्राथमिक व नंतर स्वतंत्रपणे पाडल्यास द्वितीयक म्हणतात. प्रारणोपचार (रेडिएशन) पूर्वी झालेले असल्यास काही शल्यविशारद द्वितीयक छिद्र पसंत करतात.

आवाज न निघण्याचे महत्त्वाचे कारण झडपेत नसून अधोग्रसनीच्या स्नायूंत असते. हवा खालून येताच हे स्नायू आवळून घेतात व कंप होऊच शकत नाही. सिंगर व ब्लॉम यांनी १९८१ मध्ये यावर स्नायुछेदनाचा उपाय सुचवला. आता मूळ शस्त्रक्रियेतच तो पुष्कळदा उरकतात. नंतर लक्षात आल्यास बोट्युलिनम विषाची सुई टोचून स्नायू शिथिल करतात. द्वितीयक छिद्रापूर्वी नाकातून नळी घालून अन्ननलिकेत हवा सोडण्याची चाचणी याच आकुंचनाचा अंदाज घेण्यासाठी असते.

आयुर्मान व गळती : झडप साधारण तीन ते सहा महिन्यांनी बदलावी लागते, व्यक्तिपरत्वे हा काळ फारच बदलतो. मुख्य शत्रू कँडिडा वर्गातील यीस्ट. जीवाणूंसह तिचा थर सिलिकोनवर चढतो, झडपेचा उघडमीट करणारा पडदा नीट मिटत नाही व पाणी पिताना ठसका लागतो. यावर निस्टॅटिनसारखी बुरशीरोधके वापरतात. अन्ननलिकेकडील ऋण दाबाने पडदा श्वास घेताना आपोआप उघडत असल्यास त्यासाठी चुंबक बसवलेली झडपही आहे. ग्रोनिंगेन येथील संशोधकांनी ताकाचा या थरावर होणारा परिणाम अभ्यासला व झडपेचे आयुर्मान त्याने वाढू शकते, असे सुचवले. मात्र डच ताक विशिष्ट जीवाणूंनी आंबवलेले असते. आपल्याकडील घरच्या ताकाला ते निष्कर्ष तसेच्या तसे लागू करू नयेत.

गळती झडपेच्या मधून आहे की तिच्या भोवतून, हे आधी ठरवावे लागते. रंगीत पाणी प्यायला देऊन श्वासछिद्रातून पाहिले की ते कळते. मधून गळत असेल तर झडप बदलणे पुरेसे. भोवतून गळत असेल तर झडप भिंतीच्या जाडीच्या मानाने लांब झालेली असते किंवा छिद्रच रुंदावलेले असते. अशा वेळी अधिक जाड झडप ठोकून बसवणे हा सोपा, पण बहुधा चुकीचा उपाय होय. १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतील व्हेटरन्स अफेअर्स (माजी सैनिकांसाठीचे सरकारी खाते) चाचणीनंतर रसायनोपचार व प्रारणोपचार यांनी स्वरयंत्र वाचवण्याकडे कल वाढला. परिणामी आज स्वरयंत्र काढावे लागणाऱ्या पुष्कळ रुग्णांची ऊतके आधीच प्रारणाने कमकुवत झालेली असतात व रुंदावणाऱ्या छिद्राचा प्रश्न त्यांच्यात अधिक दिसतो.

वाणीचे स्वरूप : स्वर घोगरा व खालच्या पट्टीतला असतो. स्त्रियांच्या बाबतीत ही अडचण विशेष, कारण दूरध्वनीवर त्यांना पुरुष समजले जाते. कंपस्थान इच्छेनुसार चटकन सुरू किंवा बंद करता येत नसल्याने घोष व अघोष व्यंजनांतील भेद पुसट होतो. ‘ह’ तर मूळचा स्वरयंत्रातलाच वर्ण. मराठीत प-ब, त-द या जोड्यांबरोबर घ, झ, ध, भ हे घोष महाप्राणही अर्थभेदक असल्याने ‘बात’ व ‘भात’ यांतील फरक टिकवण्यास वाक्‌चिकित्सेत वेगळा सराव लागतो. चिनीसारख्या स्वरभेदी भाषांत आघात व पट्टी यांचाच प्रश्न उभा राहतो.

भारत : तंबाखूमुळे या कर्करोगाचे रुग्ण भारतात मोठ्या संख्येने आहेत. मुंबईच्या टाटा स्मारक रुग्णालयासारख्या मोठ्या केंद्रांत झडप बसवण्याची व वाक्‌चिकित्सेची सोय आहे. आयात झडपेची किंमत हजारो रुपयांत जाते व ती वारंवार बदलावी लागते, त्यामुळे पुष्कळांना इलेक्ट्रोलॅरिंक्स किंवा अन्ननलिकीय वाणीवर भागवावे लागते. बंगळूरुचे कर्करोग शल्यविशारद विशाल राव यांनी उद्योजक शशांक महेश यांच्या साहाय्याने ‘ओम’ ही स्वस्त झडप विकसित केली. तिची किंमत सुमारे ५० रुपये जाहीर झाली होती. झडप स्वस्त झाली तरी ती बदलणारा प्रशिक्षित माणूस जवळपास असावा लागतो, आणि तालुक्याच्या ठिकाणी तो सहसा नसतो.

दक्षता : झडप निसटून बाहेर आल्यास छिद्र काही तासांत आकसू लागते; म्हणून योग्य मापाची रबरी नळी जवळ बाळगून ती लगेच छिद्रात सरकवण्यास रुग्णाला शिकवतात. झडप सापडत नसल्यास ती श्वासनलिकेत गेली नाही, याची क्ष-किरण चित्राने खात्री करावी. अशा रुग्णाला तातडीच्या वेळी प्राणवायू नाकातोंडावर नव्हे, तर मानेवरील श्वासछिद्रावर द्यावा लागतो.