ग्वाटेमालातील माया पवित्र स्थळे : अग्निविधी, पुरातत्त्व आणि पाहुण्यांचा प्रवेश

ग्वाटेमालाच्या डोंगराळ भागात माया लोकांची पवित्र स्थळे आणि विधी पाहायला जाणाऱ्या प्रवाशाला बरेचदा एकाच आवारात दोन निरनिराळ्या व्यवस्था आढळतात. तेक्पान गावाजवळच्या इशिमचे येथे दारावर तिकीट काढून आत गेले, की आधी उत्खनन करून नीट राखलेले चौक, चेंडूच्या खेळाची मैदाने आणि देवळांचे चौथरे लागतात. ते ओलांडून मागच्या पाइनच्या झाडीपर्यंत गेल्यावर धुराने काळ्या पडलेल्या वेदी दिसतात आणि तेथे पुष्कळदा एखादे कुटुंब विधीला बसलेले असते. पुढचा भाग पुरातत्त्वाचा, मागचा श्रद्धेचा, अशी ही वाटणी आहे. ती पाहणाऱ्याला फार जुनी वाटते, पण तिला आजचे रूप गेल्या सुमारे तीस वर्षांत आले आणि तिच्यावरचा वाद अजून मिटलेला नाही. कोणत्या वेदीजवळ उभे राहावे, छायाचित्र घ्यावे की नाही, विधीत सहभागी व्हावे का, हे प्रवाशाला पडणारे प्रश्न याच वादातून निघाले आहेत.

दूरचा इतिहास येथे थोडक्यात पुरेल. 1524 मध्ये स्पॅनिश सैन्याने किचे या माया समाजाची राजधानी कुमारकाह जाळली आणि तेथील राज्यकर्त्यांना जिवंत जाळले. त्याच वर्षी काकचिकेल या दुसऱ्या माया समाजाच्या इशिमचेजवळ स्पॅनिशांनी आपली पहिली राजधानी मांडली. पुढच्या काळात माया विधी बंद पडले नाहीत. ते डोंगरमाथ्यावर, गुहांत, पाण्याच्या उगमांपाशी आणि खुद्द चर्चच्या पायऱ्यांवर सरकले. चिचिकास्तेनांगोच्या सांतो तोमास चर्चच्या पायऱ्यांवर आजही कोपाल नावाचा राळेसारखा धूप जळत असतो. 260 दिवसांची धार्मिक दिनगणनाही, वीस दिवसनामे आणि एक ते तेरा आकडे यांच्या जोडीने, या डोंगराळ गावांत अखंड चालू राहिली. ही गणना सांभाळणाऱ्या आणि विधी चालवणाऱ्या जाणकाराला किचे भाषेत अहकीह म्हणतात. या पदावर पुरुषही असतात आणि स्त्रियाही.

विसाव्या शतकातील घडामोडींचे वजन मात्र आजच्या परिस्थितीवर कितीतरी अधिक आहे. 1940 आणि 1950 च्या दशकांत कॅथलिक चर्चमधल्याच एका सुधारणावादी चळवळीने गावोगावच्या जुन्या रूढींविरुद्ध मोहीम उघडली. चिचिकास्तेनांगोजवळच्या टेकडीवरील पास्कुआल अबाह या दगडी देवाची मूर्ती याच काळात फोडली गेली. आज प्रवासी जी मूर्ती पाहतात, ती त्या मोडतोडीतून वाचलेली आहे. 1976 च्या भूकंपात सुमारे 23 हजार माणसे मेली आणि त्यानंतरच्या मदतकार्याबरोबर इव्हँजेलिकल या प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथांचा प्रसार वेगाने झाला. या पंथांच्या अनेक उपदेशकांनी अहकीहांच्या कामाला जादूटोणा ठरवले. हा शब्द हलक्याने घेण्यासारखा नव्हता, हे पुढे दिसून आले.

1960 ते 1996 या यादवी युद्धात सुमारे दोन लाख माणसे ठार किंवा बेपत्ता झाली, असा अंदाज सत्यशोधन आयोगाने 1999 च्या अहवालात दिला. ओळख पटलेल्या बळींपैकी 83 टक्के माया होते. लष्कराने धर्मप्रमुखांना ठार मारले, विधींच्या जागा उद्ध्वस्त केल्या किंवा बाटवल्या, हेही त्याच अहवालात नोंदवले आहे. डोंगरावर लोक जमणे हाच संशयाचा विषय झाला, तेव्हा विधी घराच्या माजघरात आले किंवा थांबले. परदेशी प्रवासी ज्या उघड्या, दिवसाढवळ्या चाललेल्या विधीकडे कुतूहलाने पाहतो, त्याचे उघडेपण किती अलीकडचे आहे आणि ते किती किमतीने मिळाले आहे, हे या पार्श्वभूमीवरच समजते.

पवित्र स्थळांवरील आजच्या वादाचे मूळ 31 मार्च 1995 रोजी झालेल्या करारात आहे. सरकार आणि बंडखोर यांच्यातील शांतताप्रक्रियेचा भाग म्हणून आदिवासी समाजांची ओळख आणि हक्क यांविषयी हा स्वतंत्र करार करण्यात आला. माया अध्यात्म ही त्या समाजाच्या जगण्याची पायाभूत गोष्ट आहे, हे त्यात राज्याने प्रथमच लेखी मान्य केले. पुढे देवळे, विधिकेंद्रे आणि पवित्र स्थळे यांवर स्वतंत्र कलमे आली, आणि गुंता नेमका तेथे आहे. पुरातत्त्वीय स्थळे राज्यघटनेनुसार राज्याच्या मालकीची आहेत, हे करार आधी निक्षून सांगतो. त्यानंतर संरक्षित क्षेत्रांतील विधिकेंद्रांच्या जतनात आणि कारभारात सहभागी होण्याचा माया समाजाचा हक्क तो मान्य करतो. विधी करता यावेत म्हणून तेथील नियम बदलण्याचे आश्वासन सरकार देते. आणि याखेरीज जी इतर पवित्र स्थळे आहेत, ती कोणती आणि त्यांचे जतन कसे करायचे, हे ठरवण्यासाठी सरकार, आदिवासी संघटना आणि धर्ममार्गदर्शक यांचा आयोग नेमावा, असेही ठरते.

म्हणजे मालकी एकाकडे, सहभाग दुसऱ्याकडे आणि व्याख्या पुढच्या आयोगाकडे गेली. करार घडवून आणणाऱ्यांच्या दृष्टीने ही तडजोड अपरिहार्य असेल. मालकीचा प्रश्न ताणला असता, तर कदाचित करारच झाला नसता. पण सहभाग म्हणजे सल्ला देणे की निर्णय घेणे, हे मोघम राहिल्यामुळे पुढचे प्रत्येक भांडण याच फटीत शिरले. दारावरच्या तिकिटाचा पैसा कोणाचा, वेदी कोठे असावी हे कोण ठरवणार, उत्खननाला परवानगी देताना अहकीहांना विचारायचे की नाही, या प्रश्नांना करारात थेट उत्तर नाही.

करारातील तत्त्वे घटनेत उतरवण्यासाठी 16 मे 1999 रोजी सार्वमत घेण्यात आले. त्यात आदिवासी हक्कांसह अनेक घटनादुरुस्त्या चार प्रश्नांत बांधून मतदारांसमोर ठेवल्या होत्या. मतदान 20 टक्क्यांहूनही कमी झाले आणि चारही प्रश्नांना नकार मिळाला. माया बहुसंख्य असलेल्या कित्येक विभागांत होकाराचे पारडे जड होते, राजधानीत मात्र नकार मोठ्या फरकाने जिंकला. या नकारामुळे अध्यात्माला घटनात्मक संरक्षण देण्याचा मार्ग बंद झाला आणि उरले ते मंत्रालयाच्या पातळीवरचे आदेश, जे बदलणे आणि विसरणे दोन्ही सोपे असते.

त्यानंतर पवित्र स्थळांसाठी वेगळा कायदा करण्याचा प्रयत्न झाला. संसदेत 3835 या क्रमांकाने ओळखल्या जाणाऱ्या विधेयकात केवळ अवशेषांचा विचार नव्हता. डोंगर, गुहा, झरे, सरोवरे यांनाही पवित्र स्थळ मानण्याची आणि त्यांच्या कारभारासाठी धर्ममार्गदर्शकांचा समावेश असलेली परिषद स्थापण्याची तरतूद त्यात होती. विरोध दोन बाजूंनी आला. जमीनमालक आणि उद्योगांच्या प्रतिनिधींनी खासगी मालकीवर गदा येईल, असे म्हटले, कारण बरीच स्थळे मळ्यांच्या आत किंवा खाणी आणि जलविद्युत प्रकल्पांच्या टापूत येतात. दुसरीकडे एका श्रद्धेला राज्याने वेगळे स्थान का द्यावे, असा आक्षेप काही धार्मिक गटांनी घेतला. दुसऱ्या आक्षेपात तत्त्वाचा मुद्दा जरूर आहे, पण शतकानुशतके फक्त एका धर्माला वेगळे स्थान देणाऱ्या देशात तो नेमका याच वेळी उपस्थित व्हावा, हे खटकते. विधेयक समित्यांमध्ये फिरत राहिले आणि वर्षामागून वर्षे कायदा झालाच नाही.

कायद्याअभावी जो व्यवहार रूढ झाला, त्यात पुरातत्त्व अधिकाऱ्यांचे म्हणणे असे, की आगीच्या उष्णतेने चुनखडीचा दगड तडकतो, मेण आणि वितळलेली साखर सांध्यांत झिरपते आणि काजळी काढताना मूळ गिलावा निघून येतो. म्हणून विधी ठरवून दिलेल्या वेदींवरच व्हावेत. उत्तरेकडील तिकाल या प्राचीन माया नगराच्या मुख्य चौकात आणि इशिमचेच्या मागच्या झाडीत अशा वेदी आहेत. अहकीहांचे म्हणणे असे, की वेदीची जागा सोयीनुसार निवडलेली नसते. पूर्वज जेथे आहेत, तेथेच अग्नी द्यावा लागतो आणि तो बाजूला नेणे म्हणजे त्या जागेचे जिवंतपण नाकारणे होय. दगडाची काळजी खरीच आहे. परंतु जतन कसे करावे हे ठरवणाऱ्या टेबलावर दुसऱ्या बाजूला नियमित खुर्ची नसल्यामुळे पहिल्या बाजूचे म्हणणे केवळ शास्त्रीय मत न राहता आदेश होऊन बसते, ही या व्यवस्थेतील खरी उणीव आहे.

विधी स्वतः कसा चालतो, हे जवळून पाहिले, तर जागेचा आग्रह अधिक समजतो. अहकीह आधी जमिनीवर साखरेने वर्तुळ आखतो आणि त्यात चार दिशा दाखवणारी फुली काढतो. त्यावर कोपालच्या चकत्या आणि खडे रचले जातात, मग मेणबत्त्या येतात : पूर्वेला लाल, पश्चिमेला काळी, उत्तरेला पांढरी, दक्षिणेला पिवळी, मध्यभागी निळी आणि हिरवी. चॉकलेट, मध, तीळ, पाव, फुले आणि मद्य यांचीही आहुती असते. अग्नी पेटल्यावर वीसही दिवसांच्या नावालांना, म्हणजे त्या त्या दिवसाच्या शक्तीला, प्रत्येकी एक ते तेरापर्यंत मोजत आवाहन केले जाते. त्यामुळे पूर्ण विधीला काही तास सहज लागतात. जमलेले लोक अधूनमधून तिळाची मूठ आगीत टाकतात. ज्वाला कोणत्या दिशेला कलली, भोवऱ्यासारखी फिरली की विझत आली, यावरून अहकीह उत्तर वाचतो. आजारपण, जमिनीचा तंटा, बाळाचा जन्म, बेपत्ता झालेल्या नातेवाइकाची आठवण, अशा नेमक्या कारणांसाठी हा विधी केलेला असतो, आणि छायाचित्राला मनाई का असते याचे उत्तर पुष्कळदा त्या कारणातच सापडते.

पर्यटनाचे प्रमाण वाढत गेले, तसा प्रश्न राज्याने स्थळ कसे वापरावे, यावरही आला. मार्च 2007 मध्ये तेव्हाचे अमेरिकी राष्ट्राध्यक्ष इशिमचेला येऊन गेल्यावर माया धर्ममार्गदर्शकांनी त्या जागेचा शुद्धिविधी केला. त्याच महिन्याच्या अखेरीस खंडभरातील आदिवासी प्रतिनिधींची परिषद तेथेच भरली. 21 डिसेंबर 2012 हा दिवस मराठी वाचकांना जगबुडीच्या बातम्यांमुळे आठवत असेल. माया दीर्घगणनेत, म्हणजे 260 दिवसांच्या गणनेहून वेगळ्या, मोठ्या कालखंडांच्या मोजणीत, त्या दिवशी तेरावा बाक्तुन, म्हणजे सुमारे 394 वर्षांचा कालखंड, पूर्ण झाला. जगाचा अंत त्या गणनेत सांगितलेला नव्हता. शासनाने तिकालला मोठा सोहळा ठेवला, हजारो लोक जमले, आणि चढण्यास मनाई असलेल्या दुसऱ्या क्रमांकाच्या देवळाच्या पायऱ्यांचे काही प्रेक्षकांमुळे नुकसान झाले. या दिवसाचा बाजार मांडल्याबद्दल माया संघटनांनी आधीच जाहीर नाराजी व्यक्त केली होती. अग्नीमुळे दगड खराब होतो म्हणून ज्यांना बाजूला नेले, त्यांनी हे नुकसान केलेले नव्हते, ही गोष्ट त्या वेळच्या चर्चेत पुरेशी पुढे आली नाही.

दुसऱ्या बाजूला आतितलान सरोवराकाठच्या काही गावांत परदेशी रहिवाशांनी आणि पाहुण्यांनी स्वतःचे विधी रुजवले. कोकोचे पेय घेऊन सामूहिक ध्यान करण्याचा प्रकार त्यांतला सर्वांत प्रसिद्ध. कोको हे माया विधींतले जुने द्रव्य असले, तरी या प्रकाराची मांडणी या शतकातली आणि मुख्यतः बाहेरच्यांची आहे. अहकीहांमध्ये याविषयी एकमत नाही. काही जण बाहेरच्यांना विधीत घेतात, काहींनी परदेशी शिष्यांना दीक्षाही दिली आहे. मोमोस्तेनांगो येथे 260 दिवसांनी येणाऱ्या आठ बात्झ या दिवशी, जेव्हा नवे अहकीह दीक्षा घेतात, तेव्हा बाहेरचे लोकही उपस्थित असतात. इतर काहींच्या मते गणना, भाषा आणि गावाची जबाबदारी यांपासून सुटा केलेला विधी हा विधीच नव्हे.

जादूटोण्याचा जुना आरोप मात्र देशात विरला नाही. 7 जून 2020 रोजी पेतेन प्रांतातील सान लुइस येथे वनौषधींचे जाणकार असलेल्या केकची या माया समाजातील एका धर्ममार्गदर्शकाला जमावाने जिवंत जाळले. ते औषधी वनस्पतींच्या ज्ञानाविषयी विद्यापीठीय संशोधकांबरोबर काम करीत होते. परदेशी पाहुणा ज्या ज्ञानासाठी दूरवरून येतो, त्याच ज्ञानासाठी शेजाऱ्यांनी एका माणसाचा जीव घेतला, आणि त्यानंतर अनेक अहकीहांनी अनोळखी लोकांसमोर विधी करण्याविषयी अधिक सावधगिरी बाळगली तर ते समजण्यासारखे आहे.

सध्याचा व्यवहार या सगळ्या अपुऱ्या निर्णयांवर उभा आहे. राज्याच्या ताब्यातील स्थळांवर परदेशी प्रवाशांना स्थानिकांपेक्षा कितीतरी जास्त शुल्क पडते आणि विधी नेमलेल्या वेदींवर होतात. चिचिकास्तेनांगोच्या चर्चमध्ये पाहुण्यांनी बाजूच्या दाराने जायचे असते, कारण समोरच्या पायऱ्या विधी करणाऱ्यांच्या असतात, आणि आत छायाचित्रे घेता येत नाहीत. डोंगरावरच्या, शेतातल्या आणि गुहांमधल्या वेदींना मात्र ना तिकीट आहे ना फलक; तेथे प्रवेश द्यायचा की नाही, हे त्या वेळी अग्नीपाशी बसलेले लोक आणि त्यांचा अहकीह ठरवतात.