‘मुक्त गोरी व्यक्ती’: अमेरिकन कोणाला म्हणायचं, या वादाची पार्श्वभूमी

अमेरिकेने ब्रिटिशांपासून वेगळी ओळख कशी घडवली हे सांगताना बहुतेक जण स्पेलिंगपासून सुरुवात करतात. १७८३ साली कनेक्टिकटमधल्या एका शाळामास्तराचं स्पेलिंगचं पुस्तक निघालं, १८२८ साली त्याच माणसाने ७०,००० शब्दांचा कोश काढला. ‘कलर’मधला यू गळाला, ‘सेंटर’ची शेवटची दोन अक्षरं उलटी झाली. मधल्या काळात, १७९२ साली, पौंड-शिलिंगांचा हिशेब सोडून दशमान डॉलर स्वीकारला गेला. हे सगळं खरंच आहे. पण अमेरिकन म्हणजे कोण, हे कोशाने ठरवलं नाही. ते १७९० च्या नागरिकत्व कायद्यातल्या तीन शब्दांनी ठरवलं: ‘मुक्त गोरी व्यक्ती’. बाहेरून आलेल्यांपैकी नागरिकत्व मागण्याचा हक्क तेवढ्यांनाच होता. गोरी म्हणजे कोण, याची व्याख्या कायद्याने केली नाही आणि पुढची दीडशे वर्षं हा घोळ चालू राहिला.

यादवी युद्धानंतर दार थोडं उघडलं. १८६८ च्या चौदाव्या घटनादुरुस्तीने देशात जन्मलेले काळे लोक नागरिक झाले, १८७० मध्ये आफ्रिकन वंशाच्या स्थलांतरितांनाही नागरिकत्व मागता येऊ लागलं. त्यानंतर तीनच वर्षांनी, १८७३ साली, गुलामगिरीवरचं एक मराठी पुस्तक अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण झालं. त्यांनी गुलामांसाठी जे केलं ते आपल्या देशबांधवांनी शूद्रांसाठी करावं, ही त्या अर्पणपत्रिकेतली इच्छा. आपल्याकडच्या जातीच्या प्रश्नाला अमेरिकेचा आरसा धरणारा हा फार मोलाचा मजकूर आहे. तो इथे आठवण्याचं कारण असं, की बरोबर ५० वर्षांनी एका भारतीयाच्या खटल्यात हीच तुलना नेमकी उलटी वापरली गेली.

त्या खटल्यावर थोडं थांबायला हवं. १९१३ साली पंजाबातून गेलेला एक शीख तरुण पहिल्या महायुद्धात अमेरिकन सैन्यात भरती झाला. १९१८ च्या डिसेंबरात त्याला नागरिकत्व मिळालं आणि चार दिवसांत काढून घेतलं गेलं. १९२० मध्ये ओरेगॉनच्या न्यायालयाने ते पुन्हा दिलं, सरकार अपिलात गेलं. दरम्यान १९२२ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने एका जपानी माणसाला नाकारलं होतं. वीस वर्षं अमेरिकेत राहिलेला, घरात इंग्रजी बोलणारा माणूस. पण गोरा म्हणजे कॉकेशियन (तेव्हाच्या वंशशास्त्रातला एक मानववंश, ज्यात युरोपीयांसोबत उत्तर भारतीयही धरले जात), आणि तू तसा नाहीस, असं कारण दिलं गेलं.

मग शिखाचे वकील म्हणाले, आमचा अशील तर कॉकेशियनच आहे, शिवाय आर्य आणि उच्चवर्णीय. (सगळ्या भारतीयांना तेव्हा तिथे ‘हिंदू’च म्हणत.) लग्नसंबंधांच्या बाबतीत उच्चवर्णीय हिंदू भारतातल्या मूळ रहिवाशांकडे ज्या नजरेने पाहतो, त्याच नजरेने अमेरिकन माणूस काळ्यांकडे पाहतो, असा त्यांचा युक्तिवाद होता. गोरेपणाचा पुरावा म्हणून विटाळ पुढे केला गेला! अमेरिकन व्हायचं असेल तर अमेरिकेच्या सगळ्यात वाईट गोष्टीत आपलं साम्य दाखवावं लागे, इतकी त्या कायद्याने माणसांची अडवणूक केली होती.

१९ फेब्रुवारी १९२३ ला एकमताने निकाल विरुद्ध गेला. तीनच महिन्यांपूर्वीची शास्त्रीय कसोटी न्यायालयाने बाजूला ठेवली. सोनेरी केसांचा स्कँडिनेव्हियन आणि सावळा हिंदू यांचा पूर्वज कधीकाळी एक असेलही, पण आज त्यांच्यात फरक आहे हे सामान्य माणसाला कळतं. आणि ‘गोरा’ शब्दाचा अर्थ सामान्य माणसाला समजतो तोच. दोन्ही निकाल लिहिणारे न्यायमूर्ती स्वतः इंग्लंडमध्ये जन्मलेले, लहानपणी अमेरिकेत आलेले होते. माझ्या मते अमेरिकन राष्ट्रीयत्वाच्या इतिहासातलं हे सगळ्यात उघडं पान आहे. घोषणा तत्त्वांच्या होत्या, कुंपण मात्र रंगाचं होतं.

या निकालानंतर अनेक भारतीयांचं आधी मिळालेलं नागरिकत्वही रद्द झालं. त्यांच्यातल्या एका व्यापाऱ्याने १९२८ मध्ये कॅलिफोर्नियात आत्महत्या केली. ही भूमी आपलं घर होईल या आशेने आलो होतो, असं त्याने मागे ठेवलेल्या पत्रात लिहिलं होतं. त्याच दशकात न्यू ऑर्लिन्सच्या काळ्या वस्त्यांतून निघालेला जॅझ जगभर अमेरिकेचं संगीत म्हणून वाजू लागला होता. ज्या भूमीवर हे राष्ट्र उभं राहिलं, तिथल्या सगळ्या मूळ रहिवाशांना नागरिकत्व मिळायला १९२४ साल उजाडलं.

तो शीख सैनिक अखेर १९३६ मध्ये तिसऱ्यांदा नागरिक झाला, तेही महायुद्धात लढलेल्यांसाठी केलेल्या वेगळ्या कायद्यामुळे. इतर भारतीयांना ही वाट १९४६ मध्ये मोकळी झाली, पण प्रवेश वर्षाला जेमतेम १०० जणांना. नागरिकत्वाची वंशाची अट १९५२ मध्ये गेली, देशवार कोटा मात्र राहिला. तो मोडला १९६५ च्या स्थलांतर कायद्याने. आज न्यू जर्सीत गणपती बसवणारी, रविवारी मुलांना मराठी शाळेत नेणारी कुटुंबं बहुतेक त्याच वाटेने गेलेली आहेत. १९६४ मध्ये नागरी हक्कांचा कायदा झाला, १९६५ च्या ऑगस्टमध्ये काळ्यांच्या मतदानहक्काचा, आणि दोन महिन्यांनी, ऑक्टोबरात, हा स्थलांतराचा.