'हे पैसे कुणी कापले?' : बँकेला कळवण्याआधी आमच्या गिऱ्हाइकांसाठी दोन शब्द

लग्नसराईत आमच्याकडे दोन प्रकारचे फोन येतात. पहिला असतो, 'काष्टा जरा वर घ्यायला हवा होता.' त्याचं लगेच बघतो. दुसरा फोन आवाज चढवूनच येतो : 'माझ्या खात्यातून तीन हजार दोनशे गेलेत, ही कुठली कंपनी?' कंपनी आमचीच असते. आणि त्या तीन हजार दोनशेची पेशवाई नऊवारी बहुतेक वेळा आमच्या मशीनवर अर्धी शिवून पडलेली असते.

दुकानाचं नाव तुम्हाला पाठ आहे, पण बँकेला ते माहीतच नाही. पाटीवरचं नाव आमच्या आजेसासूबाईंचं. त्या बडोद्यात दांडिया बाजारातल्या घरी ओटीवर बसून परकर-पोलकी शिवून द्यायच्या. लोक त्यांच्याच नावाने विचारत यायचे, म्हणून पुढे पाटीही तीच लागली. खातं आणि जीएसटीची नोंदणी मात्र यजमानांच्या फर्मच्या नावाने आहे. ते नाव आडनावाने सुरू होतं आणि 'एंटरप्राइज'वर संपतं. त्यात साडी कुठेच नाही. त्यातून कार्डाच्या व्यवहारात दुकानाच्या नावाला जेमतेम बावीस-पंचवीस अक्षरांची जागा मिळते, त्यामुळे 'एंटरप्राइज'चं शेपूटही अर्धवट तुटतं.

व्हॉट्सॲपवर पाठवलेल्या लिंकवरून पैसे भरले असतील तर आणखी गंमत. ते पैसे आधी मधल्या पेमेंट गेटवेकडे जातात आणि तिथून आमच्याकडे येतात. रेझरपे, पेयू, सीसीॲव्हेन्यू, बिलडेस्क ही नावं स्टेटमेंटवर दिसली तर ती दुकानं नव्हेत, दुकानदारांच्या वतीने पैसे गोळा करणारे आहेत. खरा दुकानदार कोण ते त्या नावाच्या पुढच्या तुटक अक्षरांत शोधायचं. गावही कधीकधी गेटवेचंच छापून येतं. साडी दांडिया बाजारात शिवली आणि स्टेटमेंटवर बेंगळुरू! बेंगळुरू वाचलं की लोकांचा धीर सुटतो, हे आम्हाला कळतं.

'मग नाव बदलून का घेत नाही?' प्रश्न रास्त आहे. फर्मचं नाव बदलायचं तर खातं, जीएसटी, सुरतेच्या व्यापाऱ्यांची बिलं, सगळंच बदलावं लागतं. गेटवेला विनंती करून दुकानाच्या नावाचं छोटं रूप टाकून घेतलं आहे. काही बँका ते दाखवतात, काही कापतात. तेव्हा त्यातल्या त्यात सोपा उपाय केला आहे. स्टेटमेंटवर आमची नोंद कशी दिसते त्याचे तीन नमुने या पत्रकाच्या मागच्या बाजूला छापले आहेत : कार्ड मशीनचा, लिंकचा आणि यूपीआयचा. बिलाच्या शेवटच्या ओळीतही तेच नाव असतं. ही ओळ कुणी वाचत नाही हे माहीत आहे, तरी छापतो.

नावापेक्षा जास्त घोळ आकड्याचा होतो. समजा, नऊवारी सहा हजार चारशेची ठरली. निम्मे पैसे मापं देताना, निम्मे साडी तयार झाल्यावर, आणि बाहेरगावी पाठवायची असेल तर कुरिअरचे एकशे चाळीस वेगळ्या लिंकवर. म्हणजे स्टेटमेंटवर एका साडीच्या तीन ओळी, तीन तारखांना. तुमच्या डोक्यात बसलेला सहा हजार चारशे हा आकडा त्यात कुठेच नसतो. म्हणून आमची नोंद शोधताना पूर्ण किंमत शोधू नका, निम्मी शोधा. यूपीआयची नोंद त्याच वेळी पडते. कार्डाची एक-दोन दिवस मागेपुढे होते, मधे रविवार आला तर आणखी.

निम्मे पैसे आधी का, यावरही थोडं बोलतो. तयार ड्रेस परत आला तर टांगून दुसऱ्याला विकता येतो. नऊवारी एकदा कापून कुणाच्या कमरेच्या आणि उंचीच्या मापाने काष्टा बसवला, ओचा शिवला, की ती दुसऱ्या कुणाला होत नाही. आगाऊ रक्कम न घेता शिवून बघितलं, नाही असं नाही. त्या साड्या अजून माळ्यावर आहेत.

आता मूळ मुद्दा. ओळखीची न वाटणारी नोंद दिसली की लोक थेट बँकेच्या ॲपमध्ये जाऊन 'हा व्यवहार मी केलेला नाही' असं कळवून मोकळे होतात. हे एक बटण आहे, पण त्याचा अर्थ 'मला आठवत नाही' असा होत नाही. 'माझं कार्ड कुणीतरी चोरून वापरलं' असा होतो. बँक तसंच समजून कार्ड बंद करते, नवं कार्ड येईपर्यंत तुमची वीजबिलं, विम्याचे हप्ते अडकतात. इकडे आमचे पैसे रोखले जातात आणि बिल, मापांची वही, कुरिअरची पोच असं सगळं स्कॅन करून ठरलेल्या मुदतीत पाठवावं लागतं. साडी थांबते. पुढे तुम्हालाच आठवतं, की अरे, ही तर मावशीच्या केळवणासाठी सांगितली होती. मग तक्रार मागे घ्यायची, त्यालाही वेळ. दोन मिनिटांच्या फोनचं काम महिन्यावर जातं.

गेल्या मोसमात रावपुऱ्यातल्या एका काकूंनी फोनवर ऑर्डर दिली. लिंक त्यांनी पुण्याच्या मुलाला पाठवली, त्याने ऑफिसच्या गडबडीत भरली आणि विसरला. पुढच्या महिन्यात सूनबाईंनी स्टेटमेंट बघून कार्ड बंद केलं. कुणाचंच चुकलं नव्हतं. पण मंगळागौरीला काकू जुन्याच साडीत खेळल्या, आणि ते आम्हाला लागलं. म्हणून पहिला प्रश्न घरात विचारा. कार्ड कुणाकुणाकडे आहे? ॲड-ऑन, म्हणजे तुमच्याच खात्यावरचं जादा कार्ड कुणाला दिलंय? लिंक कुणाला पाठवली होती? ज्या शहरात सयाजीराव महाराजांनी १९०८ साली बँक ऑफ बडोदा सुरू केली, तिथल्या लोकांना पासबुक वाचायला आम्ही काय शिकवणार! पण हल्ली पासबुक एकाचं आणि खर्च चौघांचा असतो.

घरात कुणालाच माहीत नसेल तर आम्हाला फोन करा. तारीख, रक्कम, कार्डाचे शेवटचे चार आकडे किंवा यूपीआयचा बारा आकडी संदर्भ क्रमांक, एवढंच पुरतं. तेवढ्यावरून बिल सापडतं. कार्डाच्या दोन्ही बाजूंचे फोटो पाठवू नका. आठवड्यातून एकदा तरी कुणीतरी पाठवतंच, तेही मागच्या तीन आकड्यांसकट. आम्ही पुसून टाकतो, सगळे टाकतीलच असं नाही. आमचा नंबर बिलाच्या डोक्यावर आहे, तोच लावा. इंटरनेटवर दुकानाचं किंवा बँकेचं नाव टाकून 'कस्टमर केअर' शोधू नका, तिथे भामट्यांनी स्वतःचे नंबर पेरून ठेवलेले असतात. बँकेचा नंबर कार्डाच्या मागे छापलेला असतो.

हे झालं आमच्या नोंदीचं. आमची नसेल, घरातल्या कुणाचीही नसेल, तर आमच्या उत्तराची वाट बघत एक तासही घालवू नका. दुकान बंद असेल आणि नोंद सरळ सरळ परकी दिसत असेल, तरीही थांबू नका. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७च्या परिपत्रकाप्रमाणे चूक तुमचीही नाही आणि बँकेचीही नाही, तिसऱ्याच कुणी पैसे काढले, आणि बँकेचा मेसेज आल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत तुम्ही कळवलंत, तर तुमचं नुकसान शून्य. मेसेज आला तो दिवस यात धरत नाहीत. चौथ्या ते सातव्या दिवसात कळवलं तर साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त दहा हजारांपर्यंतचा भार तुमच्यावर येऊ शकतो. त्यानंतर बँकेचं धोरण काय म्हणेल ते. कळवल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत बँकेने ती रक्कम तात्पुरती जमा करायची असते आणि नव्वद दिवसांत निकाल लावायचा असतो. ओटीपी तुम्हीच सांगितला असेल तर कळवेपर्यंतचं नुकसान मात्र तुमचं, म्हणून तिथेही घाईच हवी. फसवणुकीसाठी १९३० हा सरकारी नंबर आहे. तक्रारीचा क्रमांक लिहून ठेवा. बँकेने तीस दिवसांत दाद दिली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाताना तोच लागतो.

दहा-वीस रुपयांची परकी नोंदही सोडू नका. चोर आधी छोटी रक्कम काढून कार्ड चालतंय का ते बघतात. परदेशी साइटवर बऱ्याचदा ओटीपी लागतच नाही. परदेशातले व्यवहार बंद ठेवायची सोय बँकेच्या ॲपमध्ये असते, गरज नसेल तर ते व्यवहार बंदच बरे.

आमच्याकडून चूक होत नाही असं नाही. गर्दीत मशीन अडकलं आणि कार्ड पुन्हा लावलं, की कधी दोनदा कापले जातात. अशा वेळी आम्ही ज्या खात्यातून आले त्याच खात्यात परत पाठवतो आणि संदर्भ क्रमांक व्हॉट्सॲप करतो. पाच-सात कामकाजाचे दिवस धरा. क्रेडिट कार्डाला ती रक्कम पुढच्या स्टेटमेंटवर जमा दिसू शकते. आम्ही पाठवल्यावर पुन्हा बँकेत वाद लावू नका, नाहीतर पैसे दोनदा परत येतात आणि पुन्हा आमच्याकडे पाठवताना दोघांच्या डोक्याला ताप. पैसे परत घ्यायला यूपीआय पिन कधीच लागत नाही, आमच्या नावाने कुणी मागितला तर फोन ठेवून द्या.

आणि खरोखरच आम्ही साडी दिली नाही, फोनही उचलत नाही, अशी वेळ आली तर बँकेत जरूर जा, तो तुमचा हक्क आहे. फक्त कारण निवडताना 'माल मिळाला नाही' हे निवडा, 'व्यवहार मी केला नाही' हे नाही. चुकीचं कारण टाकलं की आम्ही ओटीपीचा पुरावा दाखवून सुटू, आणि तुमची खरी तक्रार बाजूलाच राहील. स्वतःच्या विरुद्ध सल्ला देतोय असं यजमानांचं म्हणणं पडलं, पण छापलं.

शनिवारी दुपारी चार ते सहा आमच्याकडे गर्दी कमी असते. स्टेटमेंटवरची कुठलीही ओळ कळत नसेल तर तेव्हा घेऊन या, आमची नसली तरी चालेल. यजमान वाचून सांगतात, त्यांना त्याची हौसच आहे. श्रावणासाठीची मापं आषाढाच्या पहिल्या पंधरवड्यापर्यंत घेतो. कपाटात पडून असलेली सहावारी असेल तर येताना पिशवीत टाका, तिची शिवलेली नऊवारी होईल का ते तिथेच पसरून बघू.