हाताची घडी, तोंडावर बोट

मधली सुट्टी संपली की माझ्या तिसरीच्या वर्गात बेचाळीस मुलं एकदम आत घुसतात. कुणाच्या हातात पाण्याची बाटली, कुणाच्या ओठांना अजून खिचडी लागलेली. नोकरीच्या पहिल्या काही वर्षांत मी डस्टर टेबलावर आपटायचे आणि ओरडायचे, "हाताची घडी, तोंडावर बोट!" वर्ग चिडीचूप. चार-पाच सेकंदांनी मागच्या कोपऱ्यात कुणाची तरी पट्टी पडायची, कुणी फिसकन हसायचं, की माझं पुन्हा तेच. संध्याकाळपर्यंत घसा बसलेला असायचा.

ती चार-पाच सेकंदांची शांतताच आपल्याला फसवते, हे मला फार उशिरा कळलं. अमेरिकेत १९६८ साली मॅडसन, बेकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पहिलीच्या वर्गात मुलं जागेवरून किती उठतात हे मोजलं. मग शिक्षिकांना "खाली बस" असं जास्त वेळा म्हणायला सांगितलं. ज्याला सांगितलं ते मूल लगेच बसायचं, पण सगळा हिशेब मांडल्यावर मुलांचं उठणं वाढलेलं निघालं! जागेवर बसून काम करणाऱ्यांचं कौतुक सुरू केल्यावर ते कमी झालं. मुलाला बाईंचं लक्ष हवं असतं, मग ते रागाचं का असेना. आणि बाईंचीही तीच गत: ओरडल्यावर समोरचं मूल बसतं, म्हणून त्यांना ओरडण्याची सवय लागते.

त्यात आवाजाचं शास्त्र आपल्या विरोधात जातं. एटिएन लोम्बार्ड या फ्रेंच डॉक्टरांनी १९११मध्ये दाखवलं, की भोवती गोंगाट असला की माणूस नकळत आवाज चढवतो. मुलं बोलतात म्हणून बाई आवाज चढवतात, बाईंच्या वरताण मुलं बोलतात. वर पत्रा आणि कोऱ्या भिंती असल्या की आवाज आदळून परत येतो तो वेगळाच. १९७०च्या एका अभ्यासात तर ओलिअरी आणि सहकाऱ्यांनी दंगा करणाऱ्या मुलांना आधी सगळ्यांदेखत आणि मग फक्त त्या-त्या मुलालाच ऐकू जाईल असं हळू रागावून पाहिलं. हळू बोलल्यावर बहुतेकांचा दंगा कमी झाला. मोठ्याने रागावणं परत सुरू केल्यावर तो पुन्हा वाढला.

पण मला सर्वांत जास्त शिकवलं ते मानसशास्त्रज्ञ जेकब कूनिन यांच्या कामाने. डिट्रॉइटच्या वेन स्टेट विद्यापीठात शिकवताना त्यांनी तासाला वर्तमानपत्र वाचणाऱ्या एका विद्यार्थ्याला टोकलं, आणि ज्यांना कुणी काही बोललंच नव्हतं ते बाकीचेही सावरून बसले. असं का झालं, याचा त्यांनी अनेक वर्षं पाठपुरावा केला. प्राथमिक शाळांतल्या वर्गांचं चित्रीकरण करून शांत आणि गोंधळी वर्ग ताडून पाहिले. गोंधळ झाल्यानंतर शिक्षक काय बोलतात, रागावून की समजावून, यावरून वर्ग कसा आहे हे ओळखताच येईना. फरक होता तो गोंधळाच्या आधी. चांगल्या शिक्षकांना सगळा वर्ग दिसत असतो, आणि दिसतो हे मुलांनाही ठाऊक असतं. आपल्याकडे मुलं म्हणतात ना, "बाईंना पाठीलापण डोळे आहेत," तेच. खोडी एकाने काढायची आणि मार दुसऱ्याने खायचा, असं तिथे घडत नाही.

दुसरी गोष्ट सांध्यांची. एक काम संपून दुसरं सुरू होतं त्या फटीत दंगा शिरतो. मी स्वतः काय करायचे ते आठवलं की वाईट वाटतं. "मराठीची पुस्तकं काढा." पुस्तकं निघाली, की "अरे थांबा, गणिताचा गृहपाठ कुणाकुणाचा राहिला?" मग एकेक रांग उठवून वह्या गोळा करणं. चाळीस मुलं रिकामी बसलेली, आणि शिस्त मोडल्याचा ठपका त्यांच्यावर!

शिक्षण हक्क कायद्याच्या १७व्या कलमाने मारणं आणि मानसिक छळ दोन्हींवर बंदी घातली, ते फार बरं झालं. मात्र छडीच्या जागी काय आणायचं, हे मला डी.एड.च्या दोन वर्षांत कुणी शिकवलं नाही. आणि एखादं मूल सतत चुळबुळ करत असेल तर आधी त्याला फळा दिसतो का, ऐकू येतं का, सकाळी काही खाऊन आलंय का हे बघा. माझ्या वर्गातल्या एका 'उपद्व्यापी' मुलीला चष्मा लागला आणि शेजारणीच्या वहीत डोकावणं, त्यावरून होणारी भांडणं आपोआप थांबली.

आता सुट्टी संपायच्या पाच मिनिटं आधी मी फळ्यावर तीन शब्द लिहून ठेवते आणि दारात उभी राहते. आत येणाऱ्या प्रत्येकाला नावाने हाक मारते. त्या तीन शब्दांचं एक वाक्य करायचं असतं. काल शब्द होते आजी, विहीर आणि चप्पल. सगळ्यांत दंगेखोर पोरगा दप्तर खांद्यावरून न काढताच लिहायला बसला होता. मी त्याच्या बाकाशी वाकून हळूच म्हटलं, "दप्तर खाली ठेव रे, पाठ दुखेल."