रस्तारुंदी आणि जमीनमालकाचा हक्क : ‘नियमित रेषे’ची पार्श्वभूमी

मुंबईत रस्ता रुंद करण्यासाठी खासगी जमीन घेण्याचे दोन मार्ग फार पूर्वीपासून आहेत. पहिला थेट भूसंपादनाचा. १८९६च्या प्लेगनंतर, १८९८ मध्ये स्थापन झालेल्या नगरसुधारणा संस्थेने दाट वस्तीतून नवे रस्ते काढले, ते जमिनी संपादून. दुसरा मार्ग १८८८च्या महापालिका अधिनियमातला असून आजचे बहुतेक वाद त्यातूनच उद्भवतात.

या अधिनियमाच्या २९७व्या कलमान्वये रस्त्याची ‘नियमित रेषा’, म्हणजे रस्त्याची कडा कुठवर असावी ती हद्द, ठरवली जाते. रेषा आखली म्हणून त्याच दिवशी जमीन जात नाही आणि मिळकत पत्रिकेवरचे नावही बदलत नाही; मात्र रेषेच्या आत, म्हणजे रस्त्याच्या बाजूला, आयुक्तांच्या लेखी परवानगीशिवाय नवे बांधकाम करण्याची मुभा उरत नाही. पुढे इमारत निम्म्याहून अधिक उतरवून पुन्हा बांधायची झाली, की २९८व्या कलमाखाली ती मागे घ्यायला लावता येते, आणि ती कोसळली किंवा जळाली तर रेषेतली जागा ताब्यात घेता येते. मोकळी जागा, ओटा किंवा कुंपण यांसाठी २९९व्या कलमात लेखी नोटीस पुरेशी मानली आहे. जमीन एकदम न घेता इमारतीच्या आयुष्याशी बांधलेली ही व्यवस्था महापालिकेच्या तिजोरीला सोयीची होती. मालकाला मात्र ती अनेक दशके अधांतरी ठेवते. गिरगाव–काळबादेवीकडच्या रस्त्यांवर तिचा परिणाम डोळ्यांनी दिसतो : पुनर्विकास झालेली इमारत काही फूट मागे, शेजारची जुनी चाळ जागच्या जागी, आणि मधल्या खाचेत लावलेल्या दुचाक्या. जमीन गेली, पण रस्ता रुंद झाला नाही.

भरपाईची तरतूद ३०१व्या कलमात आहे. तिच्यातही मेख आहे. सेटबॅकमुळे, म्हणजे इमारत रेषेपर्यंत मागे घेतल्यामुळे, उरलेल्या मिळकतीचे मूल्य वाढणार असेल, तर ती वाढ हिशेबात धरली जाते आणि नुकसानीपेक्षा ती अधिक ठरल्यास जादा रकमेचा अर्धा भाग सुधारणा आकार म्हणून मालकाकडूनच वसूल करता येतो. रस्ता प्रत्यक्षात कधी रुंद होणार, हे ठाऊक नसताना ही वाढ मोजायची कशी, हा प्रश्न कायद्याने मोकळाच ठेवला.

१९७८च्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून वगळून ‘३०० क’ या अनुच्छेदात नेला. मुंबईपुरता खरा बदल १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीने घडवला. रोख रकमेऐवजी चटई क्षेत्र (त्याच भूखंडावर जादा बांधकामाची मुभा) किंवा टीडीआर (दुसरीकडे वापरता किंवा विकता येणारा विकास हक्क) घेण्याचा पर्याय तिने खुला केला आणि पुढे व्यवहारात तोच मुख्य मार्ग बनला. २०१३च्या भूसंपादन कायद्याने रोख मोबदला वाढल्यावर २०१६ मध्ये टीडीआरही वाढवण्यात आला : शहर भागात जमिनीच्या अडीच पट, उपनगरांत दुप्पट. मोठ्या भूखंडाच्या मालकाला हा सौदा परवडतो. अरुंद भूखंडावर मात्र उंची आणि मोकळ्या जागांच्या अटींमुळे मिळालेले क्षेत्र वापरता येईलच असे नाही. मग ते बाजारभावाने विकणे एवढेच हाती राहते.

२०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कोलकात्याच्या महापालिका कायद्यावरील प्रकरणात नोटीस, सुनावणी, सकारण निर्णय, सार्वजनिक प्रयोजन, वाजवी भरपाई, कार्यक्षम प्रक्रिया आणि संपादनाची पूर्तता हे सात घटक ‘३०० क’चा भाग ठरवले. केवळ नोटिशीवर ताबा देणारे २९९वे कलम यातील सुनावणीच्या कसोटीवर कितपत उतरेल, हा आता मुंबईतील मालकांच्या दृष्टीने कळीचा मुद्दा आहे. पागडीच्या, म्हणजे एकरकमी पैसे देऊन जागा भाड्याने घेतलेल्या, दुकानदाराची अडचण याहून वेगळी आहे, कारण टीडीआरचे प्रमाणपत्र निघते ते मालकाच्या किंवा पट्टेदाराच्या नावे, आणि रेषेत सापडते ते बहुधा त्या दुकानदाराचे दर्शनी शटर.